वही कुठे ठेवायची? : मराठी स्त्रियांच्या सर्जनशील लेखनापुढचे अडथळे

मराठी लेखिकांच्या आठवणी, आत्मकथने आणि मुलाखती ओळीने वाचत गेले की एक वस्तू पुन्हा पुन्हा भेटते, ती म्हणजे वही. फलटणच्या बेबीताई कांबळे आपल्या छोट्या दुकानात बसल्या बसल्या लिहीत आणि नवऱ्याच्या नजरेला पडू नये म्हणून लिहिलेले कागद दडवून ठेवीत. वर्षानुवर्षे ते लिखाण तसेच पडून होते. जळगावच्या बहिणाबाई चौधरींकडे वही नव्हतीच, कारण अक्षरओळख नव्हती. मुलाने आणि नात्यातल्या माणसाने टिपून घेतली तेवढी गाणी उरली. त्यांचे पुस्तक १९५२ साली, त्या गेल्यानंतर निघाले. बेळगावच्या इंदिरा संतांकडे वही होती, कवितेची जाण असलेले घरही होते; पण १९४६ साली पती ना. मा. संत गेले तेव्हा पदरात तीन मुले होती. त्यांनी शिक्षणक्षेत्रातली नोकरी केली, घर चालवले आणि त्यातूनच 'शेला', 'मृगजळ' हे संग्रह आले.

या तिघींची अडचण एक नव्हती. तरीही 'स्त्रियांच्या लेखनापुढचे अडथळे' असे म्हटले की तिन्ही गोष्टी एकाच पोत्यात भरल्या जातात. गेल्या दीडशे वर्षांत या प्रश्नावर मराठीत पुष्कळ बोलले गेले आहे. ते बोलणे आज कुठवर आले आहे, कोणत्या भूमिका समोरासमोर उभ्या आहेत आणि काय अजून सुटलेले नाही, हे येथे मांडायचे आहे. आढावा मराठीपुरताच आहे. बाहेरचे संदर्भ आपल्या चर्चेत जेवढे शिरले, तेवढेच घेतले आहेत.

'लिहावे का' पासून 'कधी लिहावे' पर्यंत

बाई रचना करते, याचे मराठीला कधी नवल नव्हते. महानुभाव पंथातल्या महदाइसेचे धवळे तेराव्या शतकातले आहेत. जनाबाई, मुक्ताबाई, सोयराबाई यांचे अभंग वारीबरोबर चालत आले. मात्र या परंपरेतही घरचा विरोध नोंदलेला आहे. सतराव्या शतकातल्या बहिणाबाई शिऊरकरांनी आपल्या आत्मचरित्रपर अभंगांत नवऱ्याचा संताप आणि मारहाण सांगितली आहे. ब्राह्मण घरातल्या बाईने तुकोबांना गुरू मानावे, हे त्याला सोसले नव्हते. मराठी स्त्रीने आपल्या छळाची स्वतः केलेली ही फार जुनी नोंद. ती भक्तीच्या आश्रयाने झाली, म्हणून टिकली.

भक्तीच्या बाहेर होती ती ओवी. पहाटे जात्यावर बसलेली बाई माहेर, सासर, भाऊ, लेक, पाऊस, दुष्काळ, सारे काही ओवीत घालत होती. तिला कागद लागत नव्हता आणि परवानगीही लागत नव्हती. दळता दळता ती गाणारच, हे घराने गृहीत धरलेले होते. साने गुरुजींपासून सरोजिनी बाबरांपर्यंत अनेकांनी हे धन गोळा केले. पुढे हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांनी गावोगाव फिरून एक लाखाहून अधिक ओव्या, गाणाऱ्या बायकांच्या नावागावासह जमवल्या. हा संग्रह या चर्चेत वारंवार येतो आणि का येतो, ते पुढे दिसेल.

एकोणिसाव्या शतकात छापखाना आला आणि वाद सुरू झाला तो 'बाईने लिहावे का' येथून. पुण्यात १८४८ साली मुलींची शाळा निघाली. सहाच वर्षांत, १८५४ साली, सावित्रीबाईंची 'काव्यफुले' प्रसिद्ध झाली. त्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मांग समाजातल्या मुलीचा निबंध १८५५ साली 'ज्ञानोदय'ने छापला. आरंभच इतका ठसठशीत होता. त्यानंतर ताराबाई शिंदे यांनी बुलढाण्यात बसून 'स्त्रीपुरुष तुलना' लिहिली आणि १८८२ साली ती छापून आली. तिच्यावर इतकी टीका झाली की जोतीराव फुले यांना 'सत्सार'मधून ताराबाईंची बाजू घ्यावी लागली. ताराबाईंचे दुसरे पुस्तक आले नाही. स. गं. मालशे यांनी १९७५ साली 'स्त्रीपुरुष तुलना' पुन्हा छापेपर्यंत ९३ वर्षे ती जवळजवळ विस्मरणात होती. एका पुस्तकामागून आलेले हे मौन कोणत्या खान्यात घालायचे, हा माझ्या मते या साऱ्या चर्चेतला अवघड प्रश्न आहे. लिहायला कुणी मनाई केली नव्हती. लिहिल्यावर जे वाट्याला आले त्याने पुढचे लेखन थांबले असावे, एवढाच अंदाज करता येतो.

सुधारक घरांतले चित्र वेगळे होते. रमाबाई रानडे यांना नवऱ्याने शिकवले आणि घरातल्या वडीलधाऱ्या बायकांनी त्या शिक्षणाला विरोध केला. काशीबाई कानिटकरांचे वाचणे-लिहिणे टोमणे ऐकतच सुरू झाले. पुढे त्या मराठीतल्या पहिल्या महत्त्वाच्या कादंबरीकार स्त्री ठरल्या. सुधारकांच्या पाठिंब्याला एक हद्द होती, हे मीरा कोसंबींसारख्या अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. बायकोने शिकावे, चांगली सहचारिणी व्हावे, इथपर्यंत घर राजी होते. तिने स्वतःच्या नावाने कल्पित कथा रचावी, हे त्या हद्दीच्या काठावरचे होते. रमाबाईंचे १९१० साली आलेले 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' हे अजोड पुस्तक पतीच्या आठवणी म्हणून लिहिले गेले, आणि तरीही त्यात एका बाईचे मन उघडे होते. लक्ष्मीबाई टिळकांची १९३४ पासून भागाभागाने आलेली 'स्मृतिचित्रे' याच वाटेने निघाली आणि कितीतरी पुढे गेली.

१९३० साली किर्लोस्करांनी 'स्त्री' मासिक काढले आणि पांढरपेशा घरांतल्या बायकांना छापील जागा मिळाली. तीनच वर्षांनी विभावरी शिरूरकर यांचे 'कळ्यांचे निःश्वास' आले. त्यानंतर स्त्रियांच्या लेखनाचा वाद पूर्वीसारखा राहिला नाही.

स्वातंत्र्यानंतर मनाई उघडपणे उरली नाही. १९०१ च्या जनगणनेत देशात शंभरात एकही बाई साक्षर नव्हती. २०११ साली महाराष्ट्रात साक्षर स्त्रियांचे प्रमाण सुमारे ७६ टक्के होते, पुरुषांचे ८८. मुली महाविद्यालयांत गेल्या, शिक्षिका आणि प्राध्यापिका झाल्या. वाचनालयांतून कादंबऱ्या नेणाऱ्या बायकांच्या बळावर योगिनी जोगळेकर, सुमती क्षेत्रमाडे, ज्योत्स्ना देवधर, कुसुम अभ्यंकर यांची पुस्तके खपली. येथून प्रश्नाचा रोख बदलला. लिहायला हरकत नाही. पण कधी लिहायचे, कशाच्या जोरावर, कुणाच्या नावाने, आणि लिहिल्यावर ते कोण जपणार?

वेळ, आणि वेळेमागचा पैसा

पहिली भूमिका आर्थिक आहे. व्हर्जिनिया वुल्फ यांनी १९२८ साली केंब्रिजमधल्या मुलींच्या महाविद्यालयांत व्याख्याने दिली आणि त्यांतून पुढच्या वर्षी पुस्तक झाले. वर्षाला पाचशे पौंड आणि स्वतःची खोली असल्याखेरीज बाईला कथा-कादंबरी लिहिता येणार नाही, हे त्यातले म्हणणे मराठी चर्चेत इतके रुळले की 'स्वतःची खोली' हा आता आपलाच शब्द झाला आहे.

या भूमिकेला आकड्यांचा आधार आहे. केंद्र सरकारच्या २०२४ च्या वेळ-वापर सर्वेक्षणात घरकाम करणारी बाई दिवसाला सरासरी २८९ मिनिटे त्यात घालवते, तर घरकाम करणारा पुरुष ८८ मिनिटे. २०१९ साली हेच आकडे २९९ आणि ९७ होते. पाच वर्षांत दोघांचीही मिनिटे थोडी घटली, दोघांमधले अंतर मात्र जवळपास तेवढेच राहिले. शिवाय हे आकडे अर्धेच सांगतात. पावणेपाच तासांनंतर उरलेला वेळही सलग नसतो. कुकरच्या शिट्ट्या, मुलांचा अभ्यास, सासऱ्यांचे औषध, दारावरचा कुरियरवाला यांच्या मधल्या फटीत तो सापडतो. 'सगळं आवरून मग लिहिते' हे वाक्य लेखिकांच्या मुलाखतींत ठरलेले असते. 'आवरून' या शब्दात दिवस संपलेला असतो.

वेळेचे हे तुकडे साहित्यप्रकारात उतरतात, असे अनेक अभ्यासक म्हणतात. स्त्रियांनी कविता, कथा आणि ललित लेख विपुल लिहिले. महाकादंबऱ्या आणि नाटके त्या मानाने कमी. नाटकाचे उदाहरण मला सर्वांत बोलके वाटते. कविता ओट्याशी सुचून रात्री कागदावर उतरू शकते. नाटक लिहिणाऱ्याला तालमीला बसावे लागते, नटांशी वाद घालावा लागतो, रात्री उशिरा घरी यावे लागते, निर्माता पटवावा लागतो. विसाव्या शतकाच्या आरंभी हिराबाई पेडणेकरांनी 'जयद्रथ विडंबन' आणि 'दामिनी' ही संगीत नाटके लिहिली. त्या कलावंतीण घराण्यातल्या होत्या. कुलीन म्हणवणाऱ्या घरांनी आपल्या सुनांना जो वावर नाकारला होता, तो हिराबाईंना होता. आणि त्याच वावरासाठी समाजाने त्यांना कमी लेखले. पुढे सई परांजपे व्यावसायिक रंगभूमीवर उभ्या राहिल्या. १९८३ सालचे ज्योती म्हापसेकरांचे 'मुलगी झाली हो' आणि १९८९ पासून सुषमा देशपांडे सादर करत आलेले 'व्हय, मी सावित्रीबाई' ही दोन गाजलेली नाटके मात्र वेगळ्या वाटेने आली. पहिल्यामागे स्त्री मुक्ती संघटनेचे बळ होते आणि दुसऱ्याला एकच अभिनेत्री पुरत होती. व्यावसायिक यंत्रणेच्या बाहेर वाट काढण्याच्या या दोन तऱ्हा आहेत.

पैशाची गोष्ट आणखी रोकडी आहे. समजा, पाचशे प्रतींची आवृत्ती निघाली, किंमत दोनशे रुपये आणि लेखकाला दहा टक्के. सारी आवृत्ती खपली तरी हाती दहा हजार रुपये येतात, आणि आवृत्ती खपायला वर्षे लागतात. कवितासंग्रहाला तर बहुधा पदरचेच पैसे घालावे लागतात. हे पुरुषांनाही लागू आहे. फरक असा की ज्या बाईची स्वतःची मिळकत नाही तिला ते नवऱ्याकडे किंवा मुलाकडे मागावे लागतात आणि मागताना 'कशाला हवे हे' या प्रश्नाला तोंड द्यावे लागते. अनेकींचे पहिले पुस्तक निवृत्तीनंतर, फंडाच्या पैशांतून येते ते यामुळे. राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाची नवलेखक अनुदान योजना आहे आणि तिने पुष्कळांना पहिले पुस्तक दिले. पण ती छपाईला हातभार लावते. लिहिण्याच्या काळात घर कोण चालवणार, हा प्रश्न तिच्या कक्षेत येत नाही.

मालमत्तेचे अंगही विसरता येत नाही. महाराष्ट्राने १९९४ सालीच कायदा बदलून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मसिद्ध वाटा दिला. केंद्राचा कायदा २००५ चा. तरीही भाऊबीजेचे नाते टिकावे म्हणून बहिणींनी हक्कसोडपत्रावर सही करण्याची रीत घराघरांत चालूच आहे. वुल्फ यांच्या नायिकेला आत्याच्या मृत्युपत्रातून पैसे मिळतात. आपल्याकडे कायद्याने मिळालेली खोलीही बाई सही करून परत देते.

या भूमिकेवर एक प्रामाणिक आक्षेप घेतला जातो. गिरणीत राबणारे, हमाली करणारे, झोपडपट्टीत राहणारे पुरुषही लिहितेच झाले. अण्णाभाऊ साठे आणि नारायण सुर्वे यांना कुठे स्वतंत्र खोली होती? मग दारिद्र्याला स्त्रीत्वाचा अडथळा का म्हणायचे? यावरचे उत्तर असे दिले जाते की गरीब लेखकाच्या घरीही भाकरी थापणारे कुणीतरी असते, गरीब लेखिकेच्या घरी ते काम तिचेच असते. मला हे उत्तर बरोबर वाटते, पण पुरेसे नाही. त्याची दुसरी बाजू जातीच्या चर्चेत येते.

अब्रूचा प्रश्न

दुसऱ्या भूमिकेच्या मते वेळ आणि पैसा मिळाला तरी हात अडतो, कारण बाईचे लेखन तिच्या चारित्र्याचा दाखला म्हणून वाचले जाते. 'कळ्यांचे निःश्वास' (१९३३) आणि 'हिंदोळ्यावर' (१९३४) यांनी हे लख्ख दाखवले. अविवाहित, शिकलेल्या, मिळवत्या मुलींच्या मनातले आणि देहाचे प्रश्न त्यांत होते. ह. वि. मोटे यांनी पुस्तक काढले आणि 'ही विभावरी शिरूरकर कोण' या शोधाने महाराष्ट्र ढवळून निघाला. या टोपणनावामागच्या बाळूताई खरे, म्हणजे पुढच्या मालतीबाई बेडेकर, शिक्षणक्षेत्रात नोकरीला होत्या. नाव फुटते तर ती नोकरी धोक्यात आली असती. येथे सामाजिक आणि आर्थिक अडथळे वेगळे काढताच येत नाहीत. अब्रू गेली तर पगारही गेला असता.

टोपणनावाविषयी दोन मते आहेत. काहींना ती ढाल वाटते, तिच्याआडून जे बोलता आले ते उघड्या नावाने बोलता आले नसते. दुसऱ्या मताप्रमाणे टोपणनावाने लेखिकेला वाचवले पण तिच्या श्रेयाला उशीर केला. दोन्ही खरे आहे.

ऐंशी-नव्वदच्या दशकांत हा वाद आत्मचरित्रांभोवती फिरला. मल्लिका अमर शेख यांचे 'मला उद्ध्वस्त व्हायचंय', माधवी देसाई यांचे 'नाच गं घुमा', सुनीता देशपांडे यांचे 'आहे मनोहर तरी' (१९९०) या पुस्तकांत प्रसिद्ध पुरुषांच्या सहवासातले संसार होते. घरातली गोष्ट चव्हाट्यावर मांडण्याचा हक्क बायकोला आहे का, असा प्रश्न विचारला गेला. ज्यांना ते खटकले त्यांचे म्हणणे एका वाक्यात झटकून टाकण्याजोगे नव्हते. दुसऱ्या माणसाचे खासगीपण, त्याची बाजू न येणे, मुलांवरचा परिणाम, हे प्रश्न आत्मचरित्र लिहिणाऱ्या कुणालाही लागू आहेत. पण ते पुरुषांच्या आत्मचरित्रांना त्याच आवाजात विचारले गेले नाहीत, हेही तितकेच खरे.

आजची स्थिती काय? गौरी देशपांडे, सानिया, मेघना पेठे, कविता महाजन यांच्यानंतर मराठीत बाईने लिहू नये असा विषय उरलेला नाही, असे एक मत आहे. दुसरे मत म्हणते की ही नावे मोठ्या शहरांतली, इंग्रजी शिक्षण लाभलेली, बहुतांशी स्वतःच्या मिळकतीची आहेत. तालुक्याच्या गावातली शिक्षिका प्रेमकविता लिहिते तेव्हा मुख्याध्यापक, सासर आणि व्हॉट्सॲपवरचे नातलग तिघांनाही 'हा कोण' हे जाणून घ्यायचे असते. २००० सालाच्या सुमारास 'विमेन्स वर्ल्ड' या गटाने अनेक भारतीय भाषांतल्या लेखिकांना एकत्र बसवून सेन्सॉरशिपवर चर्चा घडवल्या, त्यांत मराठीही होती. तिथून पुढे आलेली मोठी गोष्ट हीच की सरकारी बंदीपेक्षा घरची नजर आणि त्या नजरेच्या धाकाने आपणच खोडलेले शब्द जास्त आहेत. न लिहिलेल्या ओळी मोजता येत नाहीत, ही या भूमिकेची अडचण.

कुणाची खोली?

येथवरची चर्चा मुख्यतः सवर्ण मध्यमवर्गीय घरातली आहे, हा तिसऱ्या भूमिकेचा मूळ आक्षेप. ॲलिस वॉकर यांनी वुल्फ यांना विचारले होते की जी गुलाम बाई स्वतःच्या देहाचीही मालक नव्हती, त्या फिलिस व्हीटलीने कविता लिहिली, तिचे काय करायचे? मराठीत हा प्रश्न दलित स्त्रियांनी आपल्या पुस्तकांनीच विचारला. कुमुद पावडे यांचे 'अंतःस्फोट' (१९८१), मुक्ता सर्वगोड यांचे 'मिटलेली कवाडे' (१९८३), शांताबाई कांबळे यांची 'माज्या जल्माची चित्तरकथा', बेबीताईंचे 'जिणं आमुचं' (दोन्ही पुस्तकरूपाने १९८६), ऊर्मिला पवार यांचे 'आयदान' (२००३), ही मालिका चाळीस वर्षे मराठी वाचकासमोर आहे. भटक्या जमातींतून जनाबाई गिऱ्हे यांचे 'मरणकळा' आणि विमल मोरे यांचे 'तीन दगडांची चूल' आले. आदिवासी समाजांतून नजूबाई गावित आणि उषाकिरण आत्राम यांनी लिहिले.

या पुस्तकांत अडथळ्यांची रचनाच निराळी दिसते. कुमुदताई संस्कृत शिकल्या, उत्तम शिकल्या, तरी नोकरीच्या दारात जात आडवी आली. बेबीताईंना जातिव्यवस्थेविरुद्धही लिहायचे होते आणि आपल्याच समाजातल्या पुरुषांनी बायकांचे काय केले तेही. 'आयदान'मध्ये आई बांबूच्या टोपल्या विणून पोरांना वाढवते. नंतर शिकून नोकरीला लागलेल्या लेकीला पुढचे शिक्षण आणि सभा-संमेलने घरातल्या कुरबुरींतून वाट काढत करावी लागतात. पगार हाती आला म्हणून अडथळा संपला नाही, एवढे हे पुस्तक वुल्फ यांच्या युक्तिवादात भर घालते.

यावर वैचारिक वादही झाला. गोपाळ गुरू यांनी १९९५ साली मांडले की दलित स्त्री वेगळ्या जागेवरून बोलते आणि तिचे बोलणे सवर्ण स्त्रीवादात किंवा दलित पुरुषांच्या राजकारणात विरघळवता येणार नाही. शर्मिला रेगे यांनी ही भिन्नता मान्य केली, पण ती केवळ अनुभवाची खासगी मालकी ठरू नये, इतर स्त्रियांनीही त्या जागेवरून पाहायला शिकावे, असे म्हटले. त्यांच्या 'रायटिंग कास्ट, रायटिंग जेंडर' (२००६) या ग्रंथाने ही आत्मकथने साक्ष म्हणून वाचायला शिकवले.

या वाचनाचा एक तोटा मला जाणवतो. साक्ष म्हटले की कला मागे पडते. 'जिणं आमुचं'मधला उपरोध, गर्दीची वर्णने, 'मी' सोडून 'आम्ही' म्हणत चाललेले निवेदन ही जाणतेपणाने केलेली रचना आहे. समाजशास्त्राचा पुरावा म्हणून पुस्तक अभ्यासक्रमात जाते आणि गद्यशैलीच्या चर्चेत ते आढळत नाही. दलित लेखिकांच्या कथांना आत्मकथनांच्या मानाने कमी वाचक मिळाले, यामागेही हेच असावे. ऊर्मिला पवार यांचा 'सहावं बोट' हा कथासंग्रह 'आयदान'च्या पंधरा वर्षे आधीचा आहे; किती जणांनी तो हाती धरला असेल?

मान्यतेच्या मोजपट्ट्या

चौथी भूमिका संस्थांकडे बोट दाखवते. पहिले साहित्य संमेलन १८७८ साली भरले. पहिली स्त्री अध्यक्ष, कुसुमावती देशपांडे, १९६१ साली ग्वाल्हेरला झाल्या. नंतर दुर्गा भागवत (१९७५), शांता शेळके (१९९६), विजया राजाध्यक्ष (२००१), अरुणा ढेरे (२०१९) आणि तारा भवाळकर (२०२५). पहिल्या ९१ संमेलनांत चार. मतदान बंद होऊन अध्यक्ष एकमताने निवडण्याची पद्धत २०१९ च्या यवतमाळ संमेलनापासून आली. तेव्हापासून दिल्लीच्या ९८व्या संमेलनापर्यंत सातांत दोन. सात हा आकडा लहान आहे, त्यावरून निष्कर्ष काढू नये. तरी निवडणुकीसाठी जिल्हे पालथे घालणे, मतदारांना गाठणे, गट बांधणे हे बाईला किती जड जात होते, याचा विचार त्यावरून जरूर करावा.

साहित्य अकादमीचे मराठी पुरस्कार १९५५ पासून आहेत. त्यांत मला सात स्त्रिया दिसतात. इरावती कर्वे, दुर्गा भागवत, गोदावरी परुळेकर आणि विजया राजाध्यक्ष यांना निबंध, अनुभवकथन आणि समीक्षा यांसाठी. इंदिरा संत, आशा बगे आणि अनुराधा पाटील यांना कविता-कादंबरीसाठी. कादंबरीसाठी फक्त आशा बगे, २००६ साली 'भूमी'ला. ज्ञानपीठ मिळालेल्या चार मराठी लेखकांत स्त्री नाही.

याचा अर्थ लावताना मतभेद आहेत. एक बाजू म्हणते की साहित्याला लिंग नसते, गुणवत्ता पाहावी. अनेक लेखिकांनाही 'स्त्री-लेखिका' हा शिक्का नको असतो आणि त्यांचा हा नकार आदराने ऐकायला हवा. दुसरी बाजू विचारते की गुणवत्तेची कल्पना कुणाच्या अनुभवावर बेतली आहे? युद्ध, राजकारण, गावगाडा 'व्यापक' आणि घर, बाळंतपण, स्वयंपाकघर 'मर्यादित', असे ठरवल्यावर निकाल आधीच लागलेला असतो. अश्विनी धोंगडे, विद्युत भागवत यांनी या मोजपट्ट्यांवर नेटाने लिहिले. अरुणा ढेरे यांच्या 'विस्मृतिचित्रे'ने तर विसरलेल्या बायकांना परत उजेडात आणण्याचे काम केले. वाचनालयांतून झिजेपर्यंत वाचल्या गेलेल्या 'लोकप्रिय' कादंबरीकार मात्र दोन्ही बाजूंकडून बहुतांशी उपेक्षितच राहिल्या. समीक्षकांनी त्यांना हलके मानले आणि स्त्रीवादी अभ्यासकांना त्या पुरेशा बंडखोर वाटल्या नाहीत.

अजून न सुटलेले

सर्वांत मूलभूत प्रश्न, अडथळा निर्मितीला होता की जतनाला? तारा भवाळकरांसारख्या लोकसाहित्याच्या अभ्यासकांनी आयुष्यभर सांगितले की बाई कधी मुकी नव्हती. ओवीत, उखाण्यात, कहाणीत ती बोलतच होती. हे मान्य केले तर 'स्त्रियांना लिहू दिले नाही' या विधानाला मुरड घालावी लागते. त्यांनी रचले; ते कागदावर आणणारे, छापणारे, पुन्हा छापणारे हात त्यांचे नव्हते. बहिणाबाई चौधरींना मुलगा भेटला, बेबीताईंना मॅक्सीन बर्नसन यांच्यासारखी पाठपुरावा करणारी अभ्यासक आणि 'स्त्री' मासिक भेटले, ताराबाईंना शतक उलटता उलटता मालशे भेटले. याच्या उलट बाजूचे म्हणणेही वजनदार आहे. ओवीची चौकट जात्याने घातलेली आहे. दळण संपले की ओवी संपते. तिच्यातून कादंबरी उभी राहत नाही. मौखिक परंपरेचे गुणगान करताना लेखनापासून दूर ठेवल्याची भरपाई झाली असे भासवू नये.

दुसरा प्रश्न अडथळ्यांच्या मोलाचा. दुःख नसते तर हे साहित्य झाले असते का, असे कुणी ना कुणी विचारतेच. इंदिरा संतांच्या कवितेविषयी तर ते फार सहज विचारले जाते. मला हा प्रश्न मान्य नाही. आपण जे वाचतो ते अडथळा ओलांडून आलेल्यांचे आहे. जे पोचलेच नाही त्याच्याशी तुलना करण्याची सोय नाही, म्हणून अडथळ्याला श्रेय देणे सोपे जाते.

तिसरा प्रश्न मोबाईलचा. आज गृहिणी भाजी शिजेपर्यंत फोनवर कथा लिहिते आणि संध्याकाळपर्यंत तिला शेकडो वाचक मिळतात. संपादक, टपाल, पदरचा खर्च, तिन्ही टळले. वही दडवण्याची जागा आता पासवर्डने घेतली आहे. ज्या घरात फोन एकच आणि तोही नवऱ्याच्या खिशात, तिथे मात्र काही बदललेले नाही. फोनवरच्या लेखनाला मानधन क्वचित मिळते, समीक्षा मिळत नाही, आणि एखादे ॲप बंद पडले तर ते लेखन कुठे जाईल हे कुणी सांगू शकत नाही. जतनाचा जुनाच प्रश्न नव्या कपड्यांत आला आहे.

चौथी गोष्ट मोजणीची. वेळेचे सर्वेक्षण आहे, साक्षरतेचे आहे. मराठीत दरवर्षी निघणाऱ्या पुस्तकांत, दिवाळी अंकांच्या अनुक्रमणिकांत, ग्रंथालयांच्या खरेदी याद्यांत स्त्रिया किती, त्यांतल्या कोणत्या जातींच्या, कोणत्या जिल्ह्यांच्या, कोणत्या वयाच्या, याची नियमित गणना होत नाही. ती अवघड नाही. दिवाळी अंकांची परंपरा १९०९ पासूनची आहे आणि जुने अंक ग्रंथालयांत आहेत. शिवाय राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत महाराष्ट्रातल्या २० ते २४ वर्षांच्या जवळपास २२ टक्के स्त्रियांचे लग्न अठराच्या आत झालेले आढळले. लेखनाचा अभ्यास करताना लिहू लागण्याच्या वयात शाळा सुटलेल्या या मुलीही गणतीत धराव्या लागतील.

यातले एक काम मात्र थांबवून ठेवता येणार नाही. गावात पिठाची गिरणी आली तसे जाते कोपऱ्यात गेले. जात्यावर बसून ओवी रचणाऱ्या पिढीतल्या ज्या बायका आज आहेत त्या सत्तरी-ऐंशीच्या आहेत. राईरकर-प्वातवँ यांच्या संग्रहातल्या ओव्या आता 'पारी' या संकेतस्थळावर ध्वनिमुद्रणासह येत आहेत आणि प्रत्येक ओवीखाली गाणारीचे नाव आणि तिचे गाव लिहिलेले असते. ज्या गावांत कुणी पोचले नाही तिथल्या म्हाताऱ्या बायकांना अजून ओव्या आठवतात; त्यांच्याजवळ बसून त्या उतरवून घेणारे कुणीतरी लवकर जायला हवे.